गोदूसाठी बांधलेली चाल

जागेश्वर विणकराच्या घरी जन्मला आणि पेटी वाजवून जगला, हे नागपूरच्या टिमकीतल्या, विणकरांच्या वस्तीतल्या म्हाताऱ्यांना शेवटपर्यंत पटलं नाही. चांगला बापाचा माग होता, हातात कसब होतं, आणि हा बुवा गांधीबागेतल्या पत्र्याच्या थेटरात पडद्यापुढे जाऊन बसतो, म्हणजे काय म्हणावं! पण नाद तो नाद. एकदा का लागला की घरदार म्हणत नाही, जातपात म्हणत नाही.

तेव्हा सिनेमे मुके होते. पडद्यावरची माणसं ओठ हलवायची, छाती बडवायची, मरायचीसुद्धा, पण आवाज म्हणून नाही. त्यांचं रडणं, त्यांचं हसणं, घोड्याच्या टापा, आभाळाचा गडगडाट, सगळं खाली बसलेल्या जागेश्वरच्या पायपेटीतून निघायचं. पेटी पायाने चालायची, म्हणून दोन्ही हात मोकळे. डाव्या पायाला घुंगरांची माळ. पडद्यावर राक्षस आला की तो खर्जात असा काही घुमायचा की पुढच्या जाजमावरची पोरं मागे सरकायची.

आता यातली एक गोम सांगतो, ती कळल्याशिवाय पुढचं कळणार नाही. त्या थेटरातलं मशीन हाताने फिरवायचं होतं. कवडू नावाचा ऑपरेटर मागच्या खोलीत उभा राहून दांडा फिरवायचा. आणि फिरवायचा तो पेटीच्या लयीवर. जागेश्वरने लय चढवली की कवडूचा हात चढायचा, पडद्यावरची माणसं पळत सुटायची. जागेश्वर संथ झाला की कवडूही संथ, आणि पडद्यावरचं माणूस पाण्यात चालल्यासारखं हळूहळू चालायचं. लोकांना वाटायचं, पेटीवाला चित्राच्या मागे धावतो. खरं तर चित्रच पेटीवाल्याच्या मागे धावत असे. ही दोघांची रीत होती, कुणी शिकवली नव्हती, वर्षानुवर्षं एकत्र काम करून अंगात मुरली होती.

थेटराचे मालक नानाजी. गांधीबागेत कापडाची पेढी होती, पण डोक्यात दुसरंच वारं. मुंबई-कोल्हापूरचे लोक सिनेमे काढतात, मग नागपूरच्या माणसाने का काढू नये? कुणाकडून तरी जुना कॅमेरा आणला, नाटकातली चार माणसं धरली आणि आपलं स्वतःचं चित्र काढायला घेतलं. गोष्ट साधीच. शेठजीच्या मुलाचा विणकराच्या मुलीवर जीव जडतो, बाप आड येतो, वगैरे. त्या गोष्टीसाठी विणकरांची आळी हवी, म्हणून एक दिवस नानाजी कॅमेरा घेऊन टिमकीत आले.

सकाळची वेळ. आळीत या टोकापासून त्या टोकापर्यंत सुताचा ताणा, म्हणजे मागावर चढवायचे उभे धागे, पसरलेला, बायाबापड्या त्याला खळ लावून ब्रश फिरवताहेत. नायकाने रुबाबात चालत यायचं, एवढंच ठरलं होतं. तो चालू लागला आणि कुठून कोण जाणे, जागेश्वरची गोदू मध्येच घुसली. सात-आठ वर्षांची पोर. ताण्याखालून वाकून निघाली, कॅमेऱ्यासमोर उभी राहिली, मागे वळून खुदकन हसली आणि पळाली.

"अरे, कोनाची पोट्टी हाये ही? हाकला तिले!" नानाजी ओरडले.

"माहीच हाये, नानाजी," जागेश्वर ओशाळून म्हणाला. "आता काय करता?"

नानाजी हसले. म्हणाले, राहू दे, बरी दिसते. गोदूच्या अंगावर त्या दिवशी नवा हिरवा परकर होता. देवकीने, म्हणजे तिच्या आईने, मागावरच्या उरलेल्या कापडातून शिवलेला. पोपटी हिरवा. परकर मिळाल्यापासून पोर तो अंगावरून उतरवायलाच तयार नव्हती.

त्याच उन्हाळ्यात आळीत देवीची साथ आली. गोदूला माता निघाल्या. देवकीने घरात फोडणी घातली नाही, चूल नावापुरती पेटवली, दारात कडुनिंबाचे डहाळे बांधले, केसांना फणी लावली नाही, सगळं सगळं केलं. पण देवीपुढे आईचं कोण ऐकतं! गोदूचं तोंड फोडांनी इतकं भरलं की डोळे उघडेनात. शेवटच्या दिवशी देवकी तिच्या तोंडात पाणी घालायला गेली तर ओठ कुठे आहेत ते दिसेना. पोर गेली.

मातेत गेलेल्याला आग देत नाहीत. अंगात देवी असते, तिला चटका बसतो. म्हणून गोदूला पुरली, तो हिरवा परकर नेसवून.

त्यानंतर देवकीचं एक झालं. डोळे मिटले की तिला ते फोडांचं तोंड दिसायचं. आधीचं तोंड आठवायचंच नाही. "कशी होती वं आपली पोट्टी?" ती शेजारच्या जिजाबाईला विचारायची. "नाक माह्यासारखं होतं का तिच्या बापासारखं?" जिजाबाई सांगायची, देवकी मान हलवायची, आणि परत ते फोडच. पूर्वी मागाजवळ बसून सुताच्या कांड्या भरताना ती एक ओवी गुणगुणायची, गोदू त्यावरच झोपायची. ती ओवीही बंद झाली. घरात फक्त मागाची खटखट उरली, आणि जागेश्वर थेटरात गेला की तीही नाही.

नानाजींचं चित्र रखडत रखडत दोन वर्षांनी तयार झालं. मुंबईला धुवायला पाठवलेली मूळ पट्टी परतीच्या वाटेत पावसात भिजून चिकटली, वाया गेली. त्याआधी निघालेली एकच प्रत हाती लागली. "एक तं एक," नानाजी म्हणाले. "आपल्याले कुठं विलायतेत दाखवायचं हाये? जागेश्वर, याले नवं संगीत पाहिजे बरं का. जुन्या नाटकाच्या चाली चिटकवायच्या नाहीत. माह्या चित्राची हवाच येगळी पाहिजे."

चाली बांधायच्या म्हणून दुपारी रिकाम्या थेटरात कवडूने चित्र लावलं. जागेश्वर पेटीवर बोटं टेकवून बघत होता. शेठजीची हवेली, बैलगाडी, मग टिमकीची आळी. ताणा. नायक येतोय.

आणि गोदू.

ताण्याखालून निघाली, उभी राहिली, वळली, हसली, गेली. परकर पडद्यावर राखेच्या रंगाचा दिसत होता, पण तोंड स्वच्छ होतं. गालावर डाग नाही, फोड नाही. वरचा एक दात पडलेला, तोसुद्धा दिसला. जागेश्वर पेटीवरच ओणवा झाला, आणि पेटीतून सगळ्या सुरांचा एकच भेसूर हंबरडा निघाला.

कवडू मशीन थांबवून धावत आला. त्यानेही गोदूला ओळखलं होतं. खांद्यावर बसवून जत्रा दाखवली होती त्याने तिला.

"पुन्हा लाव गा," जागेश्वर म्हणाला.

त्या दुपारी कवडूने तो तुकडा किती वेळा लावला, देव जाणे.

जागेश्वरने सगळ्या चित्राला चाली बांधल्या. हवेलीला एक, वादळाला एक, नायिकेच्या रडण्याला एक. नानाजी खूश. पण जीव ओतला तो गोदूच्या जागी. तिथे त्याने देवकीची ओवी घेतली, कांड्या भरतानाची, आणि खाली घुंगरांवर मागाची खटखट ठेवली. चाल अशी काही उतरली की पहिल्या खेळाला पानवाला दादाजी, ज्याला कशाचंच काही वाटत नसे, तोही नाक पुसत म्हणाला, "बापा, त्या पोट्टीच्या टायमाले काय वाजवलं गा तू!"

चित्र चाललं. आणि रोज त्या जागी येऊन जागेश्वर थोडा थोडा संथ होत गेला. मुद्दाम? पहिल्यांदा नाही. बाप होता, हात जड व्हायचे. मग लक्षात आलं की तो संथ झाला की कवडूचा हातही संथ होतो, आणि गोदू जराशी जास्त वेळ राहते. मग मात्र मुद्दाम. गोदूचं वळणं लांबलं, हसणं लांबलं. जिथे पोर भुर्रकन उडायची, तिथे आता ती बापाकडे नीट बघून मग जायची.

पण मशीनला एक पत्रा होता. दांडा फार हळू फिरला की तो आपोआप दिव्यापुढे पडायचा, कारण त्या दिव्याची आच भारी, आणि ती फिल्लम म्हणजे निव्वळ बारूद. थांबली की पेटली. पत्रा पडला की पडदा काळा. गोदू हसायच्या आतच अंधार. दोनदा तसं झालं आणि जागेश्वर मागच्या खोलीत गेला.

"कवडू, तो पत्रा बांधता येते का गा?"

"याड लागलं का तुले? कायले बांधतो?"

जागेश्वरने मशीनच्या झरोक्यातून पडद्याकडे बोट दाखवलं. कवडूने त्याच्याकडे पाहिलं, मान खाली घातली, आणि म्हणाला, "धागा आन मंग. मजबूत आन."

जागेश्वरने आपल्या मागावरचा रेशमी धागा आणला. गोदूची जागा आली की कवडू तेवढ्यापुरता पत्रा वर बांधायचा, ती गेली की सोडायचा. चुकलं होतं, दोघांनाही कळत होतं. पण एकाची पोर होती आणि दुसऱ्याला त्याची कीव होती. अशा वेळी शहाणपण कोण सांगणार?

जागेश्वरच्या मनात आता एकच. देवकीने हे पाहावं. एकदा ते स्वच्छ तोंड पाहिलं की फोडांचं तोंड जाईल तिच्या डोळ्यांपुढून. पण देवकी ऐकेना. तिने जन्मात सिनेमा पाहिला नव्हता. मेलेलं माणूस पडद्यावर चालतं, हे तिला भुताटकीसारखं वाटायचं.

"मी नाही येत," ती म्हणायची. "मले नाही पाहायचं. जाऊ द्या तिले आता, कायले वढून राहिले?"

"तसं नाही वं. तोंड साफ हाये तिचं. एक फोड नाही."

"काहून खोटं बोलता?"

"गळ्याची आन."

देवकी चरख्यावर कांडी भरत राहिली. धागा संपला तरी चरखा फिरतच होता. मग म्हणाली, "हासून राहिली का?"

"हासून राहिली. तो दात पडला होता ना, तो दिसते."

तेव्हा ती पहिल्यांदा रडली. दोन वर्षांत पहिल्यांदा. आणि म्हणाली, "शनवारी येतो मी."

शनिवारी दुपारचा खेळ खास बायकांचा असायचा. दारावरसुद्धा बाईमाणूस. मागच्या खोलीतला कवडू सोडला तर जागेश्वर तेवढा पुरुष आत, पण त्याला सक्त ताकीद होती, पाठ बायांकडे आणि तोंड पडद्याकडे, काही झालं तरी मागे वळून पाहायचं नाही. ही अट पाळली म्हणूनच घरोघरच्या बाया तिथे यायला धजायच्या. त्यामुळे देवकी कुठे बसली आहे हे त्याला दिसणार नव्हतं. घरून निघतानाच त्याने तिला खूण सांगून ठेवली.

"तुले भेव वाटलं तं खाली पाहून राह्य. पेटी संथ झाली, घुंगरं मागासारखी वाजाले लागली, की मान वर कर. तेव्हाच येते ती."

ओवीचं मात्र त्याने सांगितलं नाही. म्हटलं, ऐकेल तेव्हा कळेल तिला. बायकोला चकित करायची हौस, दुसरं काय! मेली ती हौस.

मागच्या खोलीत जाऊन कवडूला म्हणाला, "आज देवकी येनार हाये. आज जरा जास्त."

"जास्त म्हंजे किती गा?"

"तिनं पोटभर पाहावं तेवढं."

खेळ सुरू झाला. बायांची कुजबुज, पोरांची रडारड, बांगड्यांचे आवाज. हवेली गेली, बैलगाडी गेली. आळी आली. जागेश्वरने डावा पाय उचलला, घुंगरं खट् खट् वाजू लागली, आणि बोटं ओवीवर उतरली. इतकी संथ त्याने ती कधी वाजवली नव्हती. एकेक सूर धरून ठेवत होता. 'पाह्य, देवके, पाह्य आता,' मनात म्हणत होता. गोदू ताण्याखालून निघाली, थांबत थांबत. उभी राहिली. वळायला लागली. जागेश्वरने सूर आणखी ताणला, कवडूचा हात आणखी मंदावला. गोदू हसली. दात दिसला. जागेश्वरला वाटलं, आता असंच राहावं. आणि त्याने बोट उचललंच नाही.

गोदूच्या गालावर एक फोड आला.

तपकिरी, कडेने उकळणारा. मग दुसरा. जागेश्वरच्या डोळ्यांदेखत फोड पसरला, तोंड गेलं, परकर गेला, पडदा भक्क पांढरा झाला, आणि मागून कवडूची किंकाळी आली, "आग!"

बाया उठल्या, पोरांना कवटाळून दाराकडे पळाल्या. दारावरच्या बाईने दोन्ही फळ्या सताड उघडल्या होत्या, म्हणून कुणाला काही झालं नाही. कवडूने ओलं पोतं टाकून आग दाबली, हात भाजून घेतला. जागेश्वर मात्र पेटीपाशीच बसून राहिला, पांढऱ्या पडद्याकडे बघत. आतापर्यंत मागे वळायचं नाही म्हणून वळला नव्हता. आता वळायची हिंमत होत नव्हती. मातेची पोर. जिला आग द्यायची नव्हती, तिला आज त्याने आपल्या हाताने आग दिली. तीही तिच्या आईसमोर.

नानाजी पेढीवरून धापा टाकत आले. जळलेलं कापून बाजूला काढलं, उरलेली पट्टी उजेडात धरून पाहिली, आणि त्यांचा जीव भांड्यात पडला.

"एवढासाच तुकडा गेला," ते म्हणाले. "ते पोट्टी आली होती ना मधात, तेवढाच. जोडून घेऊ. गोष्टीले काही धक्का नाही."

"नाही," जागेश्वर म्हणाला. "गोष्टीले काही धक्का नाही."

नानाजी वाईट माणूस नव्हते. पण कोणाचं काय जळलं हे ज्याचं त्यालाच ठाऊक.

बाहेर ऊन रणरणत होतं. देवकी जिजाबाईबरोबर कडुनिंबाखाली उभी होती. पदर डोळ्यांपाशी चिंब भिजलेला. जिजाबाई शहाणी, ती काही न बोलता पुढे निघून गेली. नवराबायको टिमकीच्या वाटेला लागले. रीतीप्रमाणे तो पुढे, ती चार पावलं मागे. जागेश्वरला एकच विचारायचं होतं, आणि तेच विचारता येत नव्हतं. दिसली का? का तुलाही फोडच दिसले, पुन्हा एकदा, माझ्यामुळे?

बरंच चालून झाल्यावर मागून देवकीच बोलली.

"पाह्यली मी तिले."

तो थांबला. ती जवळ आली. दोन वर्षांत तिने त्याच्या तोंडाकडे असं सरळ पाहिलं नव्हतं.

"आग लागाच्या आंधीच पाह्यली," ती म्हणाली. "तुमी मनाले लावून नका घेऊ. चांगली पोटभर पाह्यली. तोंड कसं साफ होतं, तुमी म्हनलं होतं तसंच."

जागेश्वरच्या छातीवरचा धोंडा सरकल्यासारखा झाला. "खरंच वं?"

"मंग काय! हासून राहिली होती. तो दात बी दिसला. माही ओवी वाजवली ना तुमी? पयल्याच सुराले वळखली मी." त्याला आणखी खात्री पटावी म्हणून ती भराभर बोलत सुटली. "अन् परकर कसा हिरवागार दिसून राहिला होता! मले वाटलं, इतक्या दिसांत इटला असन रंग. पन नाही. पोपटावानी हिरवा. जसाच्या तसा."

जागेश्वर तिच्याकडे बघत राहिला.

पडद्यावर रंग नसतो, हे तिला कोण सांगणार होतं? तिने सिनेमा पाहिलाच कुठे होता! त्याने तोंड सांगितलं, दात सांगितला, हसणं सांगितलं. ते सगळं तिने त्याचंच त्याला परत दिलं होतं. हिरवा परकर तेवढा तिचा स्वतःचा. काय झालं ते त्याला लख्ख दिसलं. पहिल्या सुराला तिने आपली ओवी ओळखली, पदर डोळ्यांना लावला आणि रडली. तो सूर ताणत होता तोवर ती रडत होती. पदर काढला तेव्हा पडदा पांढरा होता. तिने काही म्हणजे काही पाहिलं नव्हतं. ज्या ओवीवर त्याने पोरीला थांबवून धरलं, त्याच ओवीने तिच्या आईचे डोळे झाकले होते. आणि आता ही बाई, जिचं सगळं गेलं, ती भर उन्हात उभी राहून त्याचीच समजूत काढत होती.

"हिरवाच होता ना?" देवकीने विचारलं.

"हो वं," जागेश्वर म्हणाला. "हिरवाच होता. पोपटी."

"मंग! मी सांगतो ना तुमाले."

"तू हो पुढं," तो म्हणाला. "मी येतो."

देवकीने एकदा त्याच्याकडे पाहिलं, पदर सारखा केला आणि चालू लागली. त्या दिवशी टिमकीपर्यंत ती पुढे चालली आणि तो मागे, कारण त्याला रडायचं होतं.